दोन तलवारी आणि जमाखर्चाची वही

कानाझावा शहरात एका सामुराईच्या घरी थोरल्या मुलाचा संस्कार होता. अशा शुभकार्याला जपानी ताटात लाल रंगाचा ताइ मासा हवाच. पण तो परवडण्यासारखा नव्हता. मग कागदावर माशाचे चित्र काढले, ते मांडले आणि कार्य पार पाडले. गोष्ट १८४० च्या दशकातली. घरच्या कर्त्याचे नाव इनोयामा नाओयुकी. कागा संस्थानच्या हिशेब कचेरीत तो नोकरीला होता. हे संस्थान माएदा घराण्याचे, दहा लाख कोकुंहून (कोकु हे तांदळाचे माप) जास्त उत्पन्नाचे. देशाचा लष्करी सत्ताधीश तोकुगावा शोगुन सोडला तर जपानात त्याच्या तोडीचा धनी नव्हता. आणि त्या धन्याचा जमाखर्च लिहिणाऱ्याच्या घरी मासा कागदावर!

हे आपल्याला कळते, कारण इनोयामांनी घरचाही जमाखर्च लिहून ठेवला. १८४२ पासून १८७९ पर्यंतच्या या नोंदी २००१ मध्ये टोकियोच्या कांदा भागातल्या जुन्या पुस्तकांच्या दुकानात इसोदा मिचिफुमी या इतिहासकाराच्या हाती लागल्या. माझी सगळी नोकरी लेखाविभागात गेली. म्हणूनही असेल, पण सामुराईंविषयी आजवर जे काही वाचले त्यात माझा जीव अडकला तो या वह्यांत. तलवारबाजीतले मला काही कळत नाही. व्याजातले कळते.

वही सुरू होते तीच संकटापासून. १८४२ साली घरावरचे कर्ज वर्षाच्या मिळकतीच्या दुप्पट झाले होते आणि व्याज बहुतेक ठिकाणी दरसाल १८ टक्के. म्हणजे शंभरातले छत्तीस नुसत्या व्याजात जाणार, मुद्दल जागच्या जागी. बरे, पैसा उधळला म्हणावे तर तसेही नाही. नातेवाइकांकडची बारशी, लग्ने, मयते, तिथे द्यायचे आहेर, देवळांच्या देणग्या, घरात एक गडी, एक मोलकरीण, बाहेर पडताना मागे चालायला माणूस. यातला एकही खर्च चैनीचा नव्हता आणि एकही टाळता येत नव्हता. सामुराई म्हणून जगण्याचे जणू ते भाडेच होते, आणि ते थकले तर पत गेली.

इनोयामांनी जे केले ते त्या समाजात धाडसाचेच होते. घरातल्या बायकांचे किमोनो, चहाची भांडी, पुस्तके, जे विकता येईल ते विकायला काढले. आलेल्या पैशांतून सावकारांना काही भाग रोख दिला आणि उरलेले बिनव्याजी हप्त्यांवर आणून सोडले. ज्या सावकाराला सगळेच बुडण्याची धास्ती आहे, त्याच्याशी अशी तडजोड करायला थंड डोके लागते. त्या दिवसापासून घरातला प्रत्येक खर्च वहीत चढू लागला. कागदी मासा हा त्याच शिस्तीचा भाग.

सामुराईचे कागदपत्रांशी असलेले नाते पुष्कळ जुने आहे, हे मात्र मला उशिरा उमगले. १२७४ मध्ये मंगोल आरमार क्यूशू बेटावर चालून आले तेव्हा हिगो प्रांतातला ताकेझाकी सुएनागा नावाचा एक सामान्य योद्धा अवघ्या पाच स्वारांनिशी लढायला धावला. आपल्या शिलेदारासारखा घोडा स्वतःचा, हत्यारे स्वतःची, जखमाही स्वतःच्याच. लढाई जिंकली खरी, पण परकीय शत्रूला हाकलले तर वाटायला नवी जमीन कुठून येणार? सुएनागाला काहीच मिळाले नाही. मग पठ्ठ्याने काय करावे? घोडा आणि खोगीर विकून वाटखर्च उभा केला, क्यूशूहून थेट शोगुनशाहीचे ठाणे कामाकुरा गाठले आणि शोगुनशाहीचा अधिकारी आदाची यासुमोरी याच्यापुढे बसून, पहिला मी घुसलो, माझे नाव नोंदलेच गेले नाही, असा दावा मांडला. दावा मंजूर झाला. जमिनीच्या कारभाराची सनद मिळाली, वर एक घोडाही मिळाला. पुढे त्याने या सगळ्याची चित्रे काढून घेतली. मंगोल आक्रमणाची म्हणून ती चित्रगुंडाळी आज जगभर छापली जाते. आकाशात फुटणारा बाँब, रक्ताळलेला घोडा, हे चित्र बहुतेकांनी पाहिलेले असते. त्याच गुंडाळीत सुएनागा साहेबासमोर अदबीने बसून आपले म्हणणे मांडतो आहे असेही एक चित्र आहे. लढाईइतकाच त्याला तो दिवस महत्त्वाचा वाटला होता.

सुएनागाच्या काळचा योद्धा गावात राहत होता, जमिनीवर बसलेला होता. धनुष्य आणि घोडा ही त्याची खरी हत्यारे. तलवारीचे स्तोम नंतरचे. त्याला गावापासून तोडले ते सोळाव्या शतकाच्या शेवटाने. १५८८ मध्ये तेव्हाचा सत्ताधीश तोयोतोमी हिदेयोशीने शेतकऱ्यांकडची शस्त्रे काढून घेतली आणि १५९१ च्या फर्मानाने सामुराई, शेतकरी, व्यापारी यांनी आपापला वर्ग बदलायचा नाही असे ठरवून टाकले. हा हिदेयोशी स्वतः एका साध्या शेतकरी घरातून वर आलेला! ज्या शिडीने आपण चढलो ती त्याने अगदी व्यवस्थित काढून घेतली. नंतर १६०० मध्ये सेकिगाहाराची लढाई, १६१५ मध्ये ओसाकाचा पाडाव, १६३७-३८ मध्ये शिमाबाराचे बंड. तिथे लढाया संपल्या. पुढची दोनशेहून जास्त वर्षे जपानात युद्ध म्हणावे असे काही झाले नाही.

आता विचार करा. लढणे हा ज्यांचा जन्मसिद्ध व्यवसाय, असे बायकामुलांसह लाखो लोक किल्ल्याभोवतीच्या शहरांत आणून बसवलेले. जमीन नाही, व्यापार करायचा नाही, लढाई नाही. मिळतो तो पगार, तोही तांदळात. कोकु हे त्याचे माप. एका माणसाला वर्षभर पुरेल एवढा तांदूळ म्हणजे एक कोकु, साधारण दीडशे किलो. पगार बापाकडून मुलाकडे जायचा, पण वाढायचा मात्र क्वचितच. काम असो नसो, पगार तोच; म्हणून एका माणसाच्या कामावर तिघे नेमलेले, पाळीपाळीने हजेरी लावणारे. आणि हा तांदूळ पिकवणारा शेतकरी पिकाचा तिसरा-चौथा नव्हे, चाळीस टक्क्यांच्या आसपासचा हिस्सा देऊन स्वतः पुष्कळदा भरड धान्यावर दिवस काढायचा. सामुराईच्या गरिबीबद्दल हळहळताना हे विसरता येत नाही.

एदो शहरात, म्हणजे आजच्या टोकियोत, शोगुनच्या थेट चाकरीतल्या सामुराईंचा तांदूळ असाकुसात सुमिदा नदीकाठच्या कोठारांतून मिळायचा. वर्षातून तीनदा, वसंतात पाव, उन्हाळ्यात पाव, हिवाळ्यात अर्धा. कोठाराबाहेर रांगेत उभे राहायचे, पोती मोजून घ्यायची, खाण्यापुरता तांदूळ ठेवून बाकीचा विकायचा, ही कटकट सामुराईच्या वतीने करणारे दलाल तयार झाले. त्यांना फुदासाशी म्हणत. १७२४ मध्ये अशा १०९ दलालांच्या संघाला सरकारमान्यता मिळाली. पुढचे सांगायला नकोच. तांदूळ ज्याच्या हातून जातो, त्याच्याकडेच पुढच्या हप्त्याच्या तारणावर उचल मागायची. आधी पुढच्या हप्त्यावर, मग पुढच्या वर्षावर, मग मुलाच्या पगारावर. तांदळाचा भाव उतरला की पगार उतरला; तेल, कापड, कागद यांचे भाव मात्र चढतेच. फुदासाशी गबर झाले. त्यांच्या रंगेलपणाच्या कथा एदोत चवीने सांगितल्या जात.

१७८९ मध्ये शोगुनचा मंत्री मात्सुदाइरा सादानोबू याने एका हुकमाने गाठ तोडली. सहा वर्षांपूर्वीची सगळी कर्जे रद्द, त्यानंतरच्यांना व्याज नाममात्र. ९६ दलालांचे मिळून जवळपास १२ लाख ऱ्यो, म्हणजे सोन्याची नाणी, बुडाले. सामुराईंच्या गल्ल्यांत आनंदीआनंद झाला असेल, पण तो किती टिकणार? दलालांनी नवी उचल द्यायचेच बंद केले. कर्जमाफी झालेला सामुराई पुढच्या हप्त्यापर्यंत खाणार काय? जुने कर्ज ही अडचण होती, नवे कर्ज न मिळणे हे संकट ठरले. हा प्रसंग मला कुठल्याही द्वंद्वयुद्धापेक्षा जास्त नाट्यमय वाटतो.

मग हातांनी काम शोधले. आओयामा भागातले सामुराई छत्र्या बनवीत. ओकुबोतले बंदूकधारी पथक अझेलियाची झुडपे वाढवून विकत असे आणि फुलांच्या दिवसांत ती बघायला एदोकर गर्दी करीत. ओकाचिमाचीतले पायदळाचे शिपाई मॉर्निंग ग्लोरीच्या कुंड्यांसाठी प्रसिद्ध होते. कुणी सोनमासे पाळले, कुणी गाणारे किडे पिंजऱ्यांत घालून विकले. हे उघड गुपित होते. सामुराई उपाशी असला तरी जेवल्यासारखा दातकोरणे तोंडात धरून फिरतो, अशी एक म्हणच जपानीत आहे. लोक ती कौतुकानेही म्हणतात आणि टिंगलीनेही.

या बेकार वर्गातला सर्वांत लोभस माणूस म्हणजे कात्सु कोकिची. जन्म १८०२. पगार वर्षाला ४१ कोकु, हुद्दा काही नाही. लहानपणापासून मारामाऱ्या. पोरवयात घरातून पळाला आणि भीक मागत इसेच्या देवस्थानाच्या वाटेने हिंडला. पुन्हा पळाला तेव्हा बापाने घरातच पिंजरा करून त्यात कोंडला, तीनेक वर्षे. लिहा-वाचायला तो नीट शिकला तो त्या पिंजऱ्यात! नोकरीसाठी रोज सकाळी अधिकाऱ्यांच्या दारात जाऊन बसायचा, ती मिळाली नाही. जुन्या तलवारींची दलाली, भांडणे मिटवणे, कुणाकुणाची वसुली, यांवर जगला. १८४३ मध्ये त्याने आत्मचरित्र लिहिले ते नातवंडा-पतवंडांसाठी. माझ्यासारखे वागू नका, असा त्याचा सूर. पण सांगताना त्याला जी मजा येते आहे ती लपत नाही, आणि वाचणाऱ्याला पश्चात्तापाची फारशी खात्री पटत नाही. या उडाणटप्पूचा मुलगा कात्सु काइशू. १८६८ मध्ये शोगुनची सत्ता संपवायला शाही सैन्य एदोच्या वेशीवर आले तेव्हा याच काइशूने शोगुनच्या वतीने त्या सैन्याचा सेनानी साइगो ताकामोरीशी बोलणी करून किल्ला न लढता सोपवला. दहा लाखांच्या आसपास वस्तीचे शहर जळण्यापासून वाचले.

आता त्या दुसऱ्या सामुराईकडे येऊ, ज्याला जग ओळखते. सामुराईचा मार्ग म्हणजे मरण, हे विधान ‘हागाकुरे’ या ग्रंथातले. ते ज्याच्या तोंडचे, तो यामामोतो त्सुनेतोमो १६५९ मध्ये सागा संस्थानात जन्मला. शिमाबाराचे बंड मोडून तेव्हा एकवीस वर्षे झाली होती. आयुष्यात त्याने एकही लढाई पाहिली नाही. नवव्या वर्षापासून नाबेशिमा मित्सुशिगे या धन्याच्या चाकरीत राहिला, लेखणीची कामे केली. धन्याला कवितेचे वेड होते. त्सुनेतोमोची मोठी कामगिरी कोणती, तर क्योतोत राहून एका जुन्या काव्यसंग्रहाच्या गुप्त परंपरेचे कागद धन्यासाठी मिळवणे. १७०० मध्ये धनी वारला. त्याच्यामागे पोट चिरून जाण्याची त्सुनेतोमोची इच्छा होती, पण धन्यानेच १६६१ मध्ये या प्रथेवर बंदी घातली होती आणि दोन वर्षांनी शोगुनने ती देशभर लागू केली होती. मरणाचे तत्त्वज्ञान सांगणाऱ्याला मरायची परवानगीच नव्हती. तो मुंडन करून झोपडीत राहिला आणि तिथे एका तरुण लेखनिकाने त्याचे बोलणे सहा-सात वर्षे टिपून घेतले.

ते पुस्तक सलग वाचले की गंमत कळते. मरणाची वाक्ये आहेतच, जळजळीत आहेत. पण त्यांच्या शेजारी चारचौघांत जांभई आली तर ती कशी आवरावी, हा सल्लाही आहे. रात्रीच्या पिण्याने चेहरा उतरला असेल तर लावायला थोडा रंग जवळ बाळगावा, हेही आहे. आणि हल्लीचे तरुण सामुराई भेटले की पैसा, नफातोटा, घरखर्च आणि कपडे यांखेरीज बोलत नाहीत, ही तक्रारही आहे. मला तर हे पुस्तक कचेरीत जन्म काढलेल्या माणसाचेच वाटते. सहकाऱ्यांच्या गप्पांनी वैतागलेला, आपल्या आजोबांच्या काळात जन्मलो असतो तर काहीतरी झालो असतो असे वाटणारा माणूस. लढाईतून आलेल्याला मरणाचे एवढे कौतुक नसते. पुढे १९३० च्या दशकात लष्करशाहीने हे पुस्तक उचलून धरले आणि झोपडीतल्या निवृत्त लेखनिकाची वाक्ये विशीतल्या पोरांना मरायला पाठवताना वापरली. त्या पोरांना जांभईचा परिच्छेद कुणी वाचून दाखवला नसणार.

याच त्सुनेतोमोने आको संस्थानच्या सत्तेचाळीस रोनिनांवर, म्हणजे धनी गमावलेल्या सामुराईंवर, टीका केली आहे. धनी मेल्यावर ताबडतोब तुटून पडायचे सोडून एवढा काळ थांबलात कशाला? दरम्यान शत्रूच आजारी पडून मेला असता तर? हा त्याचा आक्षेप. कथा सर्वांना ठाऊक आहे. १७०१ मध्ये एदोच्या किल्ल्यात आसानो नागानोरीने किरा योशिनाका या अधिकाऱ्यावर तलवार उपसली, त्याच दिवशी त्याला सेप्पुकुची, म्हणजे पोट चिरून मरण्याची, शिक्षा झाली, ५३ हजार कोकुंचे आको संस्थान खालसा झाले. १७०३ च्या जानेवारीत त्याच्या सामुराईंनी किराच्या वाड्यावर हल्ला करून त्याचे डोके कापले. दीडेक महिन्याने त्यांतल्या शेहेचाळिसांना पोट चिरण्याचा हुकूम झाला.

कमी ठाऊक आहे ते मधले दीड-पावणेदोन वर्ष. प्रमुख कारभारी ओइशी कुरानोसुके याने संस्थान गेल्याची बातमी आल्यावर पहिली काळजी घेतली ती संस्थानने छापलेल्या कागदी चलनाची. धन्याचे राज्य गेले म्हणजे त्या कागदांना किंमत शून्य. बाजारात गोंधळ झाला असता. त्याने दर्शनी किमतीच्या साठ टक्के दराने ते परत घेतले, मग नोकरी गेलेल्या सामुराईंना वाटणी करून दिली, मग किल्ला सोपवला. हाती सुमारे ६९० ऱ्यो उरले. त्यांचा त्याने हिशेब ठेवला, आणि ती वही आजही हाकोने देवस्थानात आहे. धन्याची श्राद्धकर्मे, घराणे पुन्हा उभे राहावे म्हणून केलेल्या खटपटी, क्योतो-एदो प्रवासाचा खर्च, एदोतल्या भाड्याच्या खोल्या, उपाशी पडलेल्या सोबत्यांना मदत. जपानी इतिहासातल्या सर्वांत गाजलेल्या हल्ल्याच्या हिशेबात हत्यारांवरचा खर्च अगदी किरकोळ आहे. पैसा गेला तो प्रवासात आणि भाड्यात. शेवटी सातेक ऱ्यो कमी पडले, ते ओइशीने पदरचे घातले. आणि हल्ल्याच्या आधी हा सगळा हिशेब धन्याच्या विधवेकडे पाठवून दिला.

मी नोकरीत असताना खूप ताळेबंद पाहिले. मरायला निघालेल्या माणसाने आदल्या दिवसांत जमाखर्च जुळवून, तूट स्वतः भरून, तो मालकिणीकडे पोहोचवला, याच्या तोडीचा एकही नाही. त्सुनेतोमोचा आक्षेप मला पटत नाही. ताबडतोब तुटून पडणे सोपे होते. तीनशेच्या आसपास बेकार माणसांची व्यवस्था लावून मग मरणे अवघड होते.

एकोणिसाव्या शतकाच्या शेवटी नितोबे इनाझो याने अमेरिकेत राहून इंग्रजीत ‘बुशिदो’ लिहिले आणि पाश्चात्त्यांना, मग जपानलाही, सामुराईची एक उजळ, नीतिमान मूर्ती मिळाली. तो मोरिओकाच्या सामुराई घरातला. ती व्यवस्था कोसळली तेव्हा सहा वर्षांचा. गंमत म्हणजे हा शेतीच्या अर्थशास्त्राचा माणूस, जर्मनीत त्याने जपानी जमीनधारणेवर डॉक्टरेट केलेली. कोकु आणि कर्ज यांचे गणित त्याच्याइतके कोण जाणत होते? पण त्या मूर्तीत ते त्याने येऊ दिले नाही.

शेवटचा घाव तलवारीने नाहीच झाला. १८७३ मध्ये सक्तीची लष्करभरती आली. शेतकऱ्यांच्या पोरांच्या हातांत बंदुका गेल्या. १८७६ च्या मार्चमध्ये तलवार लावून फिरायला बंदी झाली आणि त्याच वर्षी सगळे वंशपरंपरागत पगार बंद करून त्यांच्या जागी सरकारी रोखे देण्यात आले. सरकारी तिजोरीचा जवळपास तिसरा हिस्सा या पगारांत जात होता. हे कधीतरी होणारच होते. तलवारबंदीबद्दल पुष्कळ लिहिले जाते, रोख्यांबद्दल कमी. १८७७ मध्ये साइगो ताकामोरीने सात्सुमात बंड केले, आणि सप्टेंबरमध्ये शिरोयामाच्या टेकडीवर तो पडला. बंड मोडायला सरकारने कागदी पैसा छापला, महागाई झाली आणि रोख्यांची किंमत आणखी विरघळली. रोखे विकून ज्यांनी दुकाने टाकली त्यांच्यातले पुष्कळ बुडाले. ‘सामुराईचा धंदा’ म्हणजे हमखास बुडणारा धंदा, असा वाक्प्रचारच पडला.

बुडणारच. पैसे मोजणे हलके काम, ही शिकवण पिढ्यान्‌पिढ्या मुरलेली. सामुराई घरातला विचारवंत फुकुझावा युकिची याने लिहून ठेवले आहे की ओसाकात एका शिक्षकाने त्याच्या भावंडांना बे दुणे चार शिकवायला घेतले, तेव्हा हे काय सामुराईच्या पोरांना शिकवायचे, म्हणून वडिलांनी चिडून त्यांना तिथून काढून घेतले. वडिलांची स्वतःची नोकरी कसली? संस्थानासाठी ओसाकाच्या व्यापाऱ्यांकडून कर्ज मिळवण्याची.

इनोयामांच्या घरी ही अडचण नव्हती. ज्याच्या संस्काराला मासा कागदावर होता, तो मुलगा नारियुकी बापाच्या पावलावर पाऊल टाकून कागाच्या हिशेब कचेरीत लागला. १८६८ च्या धामधुमीत सैन्याची रसद आणि तिचा जमाखर्च सांभाळताना तो नव्या सरकारच्या नजरेत भरला. नव्या राज्याला तलवार चालवणारे हवे तेवढे मिळत होते, सैन्याचा हिशेब लिहू शकणारे मिळत नव्हते. नारियुकी टोकियोला गेला आणि पुढे नौदलाच्या हिशेबखात्यात अधिकारी झाला. कानाझावात मागे राहिलेल्या नातलगांपैकी काहींची वर्षाची कमाई तेव्हा त्याच्या एका महिन्याच्या पगाराहून कमी होती.